ताकापुरती आजी

ऑगस्ट २०२५ मध्ये अमेरिकेचे संरक्षणमंत्री पीट हेगसेथ यांनी एक चित्रफीत आपल्या खात्यावरून पुढे पाठवली. आयडाहो राज्यातल्या मॉस्को नावाच्या छोट्या गावचे पाळक डग विल्सन आणि त्यांचे सहकारी यांच्याविषयीचं ते सीएनएनचं वार्तांकन होतं. मतदान माणसागणिक न होता घरागणिक व्हावं, आणि घराचं मत साधारणपणे नवऱ्यानंच द्यावं, असं त्यातल्या एका पाळकानं शांतपणे सांगितलं होतं. त्यानंतर जो वाद पेटला त्यात दोन सूर ऐकू आले. एक सूर म्हणत होता, बघा, अमेरिकी इव्हँजेलिकल धर्माचं, म्हणजे बायबलच्या शब्दावर आणि व्यक्तिगत श्रद्धेवर भर देणाऱ्या प्रॉटेस्टंट प्रवाहाचं, खरं रूप अखेर बाहेर पडलं. हा धर्म जन्मापासूनच बायकांना दाबणारा. दुसरा म्हणत होता, यात नवं काय? पुरुष हा कुटुंबाचा मस्तक, ही दोन हजार वर्षांची शिकवण आहे. स्त्रीवादानं ती कालपरवा नासवली, आम्ही फक्त मूळपदावर येतो आहोत.

माझ्या मते हे दोन्ही पक्ष भांडत असले तरी एका गोष्टीवर त्यांचं गुपचूप एकमत आहे. स्त्री-पुरुषांविषयीची इव्हँजेलिकल शिकवण पहिल्यापासून एकच होती, असं दोघंही धरून चालतात. इतिहास उघडून पाहिला तर ती दर दोन पिढ्यांनी पालटलेली दिसते, आणि तीही त्याच बायबलचा, त्यातल्या त्याच ओव्यांचा, म्हणजे वचनांचा, आधार देत. पालटण्यामागे एक रीतही दिसते. पंथ नवा असतो, गरीब असतो, माणसं कमी आणि काम फार असतं, तेव्हा पवित्र आत्मा बायकांनाही बोलायला लावतो. पुढे त्याच पंथाच्या इमारती उभ्या राहतात, पाळकाला पगार मिळू लागतो, महाविद्यालयं निघतात, मग कुणाच्या तरी लक्षात येतं की पौलानं, बायबलमधली बरीच पत्रं ज्याच्या नावावर आहेत त्या प्रेषितानं, बायकांना गप्प बसायला सांगितलं होतं. आपल्याकडे याला नेमकी म्हण आहे: कामापुरता मामा आणि ताकापुरती आजी.

विरुद्ध पक्षाचा सगळ्यात भक्कम मुद्दा आधीच मान्य करतो. ओवी आहे. तीमथ्याला लिहिलेल्या पहिल्या पत्राच्या दुसऱ्या अध्यायात, स्त्रीनं शिकवावं किंवा पुरुषावर अधिकार गाजवावा याला मी परवानगी देत नाही, असं स्वच्छ लिहिलं आहे. पुरोगामी मंडळी ती जणू नाहीच असं वागतात, तेव्हा समोरच्याला चीड येणं रास्त आहे. पण त्या ओवीच्या तीनच ओळी आधी बायकांनी केस गुंफू नयेत, सोनं-मोती आणि भारी कपडे वापरू नयेत असंही सांगितलं आहे. करिंथकरांच्या पहिल्या पत्रात प्रार्थना करताना वा संदेश देताना स्त्रीनं मस्तक झाकावं असा आग्रह आहे. म्हणजे स्त्री मंडळीत, उपासनेला जमलेल्या लोकांपुढे, संदेश देते हे तिथे गृहीतच आहे. विसाव्या शतकात अमेरिकी देवळांतून बायकांच्या टोप्या आणि ओढण्या हळूहळू गेल्या. 'तो त्या काळचा रिवाज होता', एवढं म्हणून सगळे मोकळे झाले. सोन्याच्या कर्णफुलांवरून तर कुठल्या मोठ्या पंथानं एखादं स्थानिक चर्च बाहेर काढल्याचं ऐकिवात नाही. मग एकाच परिच्छेदातली एक ओळ रिवाज आणि दुसरी ओळ सृष्टीचा सनातन नियम, ही निवड कोण करतं? ग्रंथ तर करत नाही.

आता एकोणिसाव्या शतकाकडे वळू, कारण दोन्ही पक्षांना अडचणीचं ठरावं असं साहित्य तिथेच भरलेलं आहे. फिलाडेल्फियात जरीना ली या कृष्णवर्णीय बाईनं आफ्रिकन मेथडिस्ट मंडळीचे संस्थापक रिचर्ड ॲलन यांच्याकडे प्रवचनाची परवानगी मागितली. आमच्या नियमावलीत बाईच्या प्रवचनाला जागा नाही, असं उत्तर मिळालं. काही वर्षांनी, १८१९ मध्ये, एका उपासनेत प्रवचनकार अडखळला. ली जागेवरून उठल्या आणि योनाच्या त्याच वचनावर बोलू लागल्या. ऐकणाऱ्या ॲलन यांनी आपला शब्द मागे घेतला. पुढे एका वर्षात दोन हजारांहून अधिक मैल फिरून १७८ प्रवचनं केल्याची नोंद त्यांनीच आत्मवृत्तात केली आहे. न्यूयॉर्कमध्ये फीबी पामर या मेथडिस्ट बाईंच्या दिवाणखान्यात दर मंगळवारी पावित्र्यासाठी सभा भरे आणि तिला पाळक, बिशपसुद्धा येऊन बसत. १८५९ मध्ये पामर यांनी स्त्रियांच्या प्रवचनाच्या समर्थनार्थ जाडजूड ग्रंथ लिहिला. आधार होता बायबलमधल्या 'प्रेषितांची कृत्ये' या पुस्तकातला: शेवटल्या दिवसांत तुमचे पुत्र आणि तुमच्या कन्या संदेश देतील. त्याआधीच, १८५३ मध्ये, न्यूयॉर्क राज्यातल्या साउथ बटलर गावी अँटोनेट ब्राउन यांना काँग्रिगेशनल मंडळीनं पाळकपदाची दीक्षा दिली होती. त्या प्रसंगी प्रवचन केलं ते ल्यूथर ली यांनी. ते वेस्लियन मेथडिस्ट. गुलामगिरीच्या प्रश्नावरून १८४३ मध्ये मूळ मेथडिस्टांपासून फुटलेला हा पंथ. अमेरिकेतली स्त्री-हक्कांची पहिली गाजलेली परिषद १८४८ मध्ये सेनेका फॉल्सला भरली तीसुद्धा याच पंथाच्या देवळात. स्त्रीवादानं चर्च बिघडवलं म्हणणाऱ्यांना विचारावंसं वाटतं, मग या परिषदेला छप्पर कुणी दिलं?

पण इथे पुरोगामी मंडळींनीही फार खूश होऊ नये. या बायकांना आजच्या अर्थानं स्त्रीवादी ठरवणं म्हणजे वडाची साल पिंपळाला लावणं आहे. पामर यांनी दीक्षा मागितली नाही. बाईनं घर सांभाळावं हे त्यांना मान्य होतं, फक्त आत्म्यानं बोलावलं तर तोंड बांधू नका एवढंच म्हणणं होतं. अँटोनेट ब्राउन वर्षभरातच श्रद्धेच्या शंकांनी ते पद सोडून गेल्या. फ्रान्सिस विलार्ड यांनी दारूबंदीसाठी लढणाऱ्या ख्रिस्ती स्त्रियांची प्रचंड संघटना उभी केली. बायकांना मत द्या, या मागणीला त्यांनी घराच्या रक्षणाची मागणी असं रूप दिलं. आई पवित्र असते म्हणून तिचा शब्द राज्यकारभारात हवा, असा तो युक्तिवाद. या पवित्र आईचा रंग गोरा होता, हेही लपवण्याचं कारण नाही. दक्षिणेत कृष्णवर्णीयांना झुंडी ठेचून मारत होत्या, तेव्हा विलार्ड यांची भाषा गोऱ्या दक्षिणेला सांभाळून घेणारी होती आणि त्यासाठी कृष्णवर्णीय पत्रकार आयडा बी. वेल्स यांनी त्यांना जाहीरपणे धारेवर धरलं. थोडक्यात, हा काळ सुवर्णयुग नव्हता. पण 'बायका सदैव गप्पच होत्या' असाही तो नव्हता, आणि वादात नेमकं तेवढंच सिद्ध व्हायला हवं आहे.

दार बंद कसं होतं, हे पाहायला मेथडिस्टांइतकं चांगलं उदाहरण नाही. रानात तंबू ठोकून सभा घेणारा, घोड्यावरून फिरणाऱ्या प्रवचनकारांचा हा पंथ शतकाच्या मध्यापर्यंत देशातला सर्वांत मोठा प्रॉटेस्टंट पंथ झाला होता. १८६९ मध्ये मॅगी व्हॅन कॉट यांना प्रवचनाचा परवाना मिळाला. १८८० च्या महासभेत, म्हणजे पंथाच्या सर्वोच्च बैठकीत, ॲना हॉवर्ड शॉ आणि ॲना ऑलिव्हर या दोघी, दोघीही धर्मशास्त्राचं रीतसर शिक्षण घेतलेल्या, दीक्षा मागायला आल्या. महासभेनं त्यांना तर नाकारलंच, पण बायकांना आधी दिलेले परवानेही काढून घेतले. हे क्रम लक्षात घेण्यासारखे आहेत. बाई तंबूत बोलत होती तोवर तिच्याविषयीचं पौलाचं मत कुणाला फारसं आठवलं नव्हतं. ती पदवी घेऊन पगाराच्या जागेपाशी उभी राहिली आणि पौल आठवला. १८८८ मध्ये विलार्ड आणि आणखी चार जणी निवडून आलेल्या प्रतिनिधी म्हणून महासभेला गेल्या, तर त्यांना आसनच दिलं नाही. पंडिता रमाबाई त्या वेळी अमेरिकेतच होत्या. आनंदीबाई जोशी यांच्या पदवीदानासाठी त्या १८८६ मध्ये फिलाडेल्फियाला गेल्या आणि पुढे अडीचेक वर्षं तो देश पालथा घातला. विलार्ड यांच्या संघटनेशी त्यांचा जवळून संबंध आला. मायदेशी परतल्यावर १८८९ मध्ये मराठीत लिहिलेल्या प्रवासवृत्तात तिथल्या स्त्रियांच्या संस्थाशक्तीचं त्यांनी भरभरून वर्णन केलं. त्या शक्तीचं एक कारण मला असं दिसतं: देवळाचं व्यासपीठ मिळेना, म्हणून या बायकांनी देवळाबाहेर आपली व्यासपीठं बांधली.

आणि मग समुद्राचा प्रश्न आहे. बोस्टनच्या अमेरिकन बोर्ड या मिशनरी संस्थेनं १८२७ मध्ये सिंथिया फरार या अविवाहित बाईला मुंबईला पाठवलं. त्या पुढे नगरला गेल्या, १८६२ मध्ये तिथेच वारल्या. सावित्रीबाई फुले यांनी अध्यापनाचे धडे त्यांच्याच शाळेत घेतले असं चरित्रकार सांगतात. एकट्या बाईनं अर्धं जग ओलांडून शाळा चालवाव्यात, याला मॅसॅच्युसेट्सच्या काँग्रिगेशनल मंडळींनी पैसे दिले. त्याच मॅसॅच्युसेट्सच्या काँग्रिगेशनल पाळकांनी १८३७ मध्ये एक पत्रक काढलं. सारा आणि अँजेलिना ग्रिम्के या बहिणी गुलामगिरीविरुद्ध जाहीर सभांत बोलत फिरत होत्या, त्यांच्यावर तो रोख होता. स्त्री ही मांडवावर टेकून फुलणारी वेल आहे. तिनं झाडासारखं स्वतंत्र उभं राहायचं मनात आणलं तर फळ तर धरणार नाहीच, वर मातीत लोळेल, असा त्यातला दृष्टान्त. वेलीला बोस्टनमध्ये मांडव हवा आणि अहमदनगरच्या उन्हात मात्र ती एकटी उभी राहिलेली चालते! फरार मुलींना शिकवत होत्या, पुरुषांना नव्हे, हा फरक मी मान्य करतो. पण पुढच्या पिढ्यांत तोही उरला नाही. मिनी एब्रम्स ही मेथडिस्ट मिशनरी १८८७ मध्ये मुंबईला आली, नंतर रमाबाईंच्या केडगावच्या मुक्ती मिशनमध्ये रमली. १९०५ मध्ये तिथे जे संजीवन, म्हणजे श्रद्धेची लाट, आलं त्यात मुली रात्र-रात्र प्रार्थना करत, टोळ्या करून खेडोपाडी सुवार्ता सांगायला जात. त्यावर एब्रम्स यांनी लिहिलेली पुस्तिका चिलीतल्या वाल्पाराइसो इथे मैत्रिणीला, हूव्हरबाईंना, गेली. १९०९ मध्ये तिथे पेन्टेकॉस्टल, म्हणजे पवित्र आत्म्याच्या प्रत्यक्ष अनुभवावर भर देणारी, चळवळ उभी राहण्यात त्या पुस्तिकेचा वाटा इतिहासकार मानतात. केडगावच्या अनाथ मुलींचा आवाज अँडीजच्या पायथ्याशी पोहोचला. तो ज्यांनी लिहून पोहोचवला त्या बाईंच्या स्वतःच्या पंथात अमेरिकेत स्त्रियांना संपूर्ण पाळकपद मिळायला १९५६ उजाडलं.

आता त्या 'घरागणिक मता'कडे. ही कल्पना प्राचीन पॅलेस्टाइनमधून सरळ आयडाहोला आलेली नाही. वाटेत ती व्हर्जिनियात मुक्काम करून आली आहे. इफिसकरांच्या पत्रात पाचव्या अध्यायात बायकांनी नवऱ्यांच्या अधीन राहावं असं आहे आणि सहाव्या अध्यायात दासांनी धन्यांची आज्ञा पाळावी असं आहे. गुलामगिरीच्या समर्थक धर्मपंडितांनी या दोन्ही ओळींना एकच दोर लावला: घर म्हणजे एका पुरुषाचं राज्य, त्यात बायको, मुलं आणि गुलाम. रॉबर्ट डॅबनी हे प्रेस्बिटेरियन प्राध्यापक, यादवी युद्धात दक्षिणेचे सेनापती स्टोनवॉल जॅक्सन यांचे सहायक. युद्ध हरल्यावरही त्यांनी गुलामगिरीचं समर्थन सोडलं नाही, आणि १८७० च्या दशकात स्त्रियांच्या हक्कांविरुद्ध व प्रवचनाविरुद्ध लेखणी उचलली. गुलाममुक्ती आणि स्त्रीमुक्ती एकाच समतावादाची पिल्लं आहेत, असं त्यांचं म्हणणं. त्यांचं निदान बरोबर होतं असंच मी म्हणेन. फक्त त्यांनी औषध उलटं दिलं. सदर्न बॅप्टिस्ट कन्व्हेन्शन हा आज अमेरिकेतला सर्वांत मोठा प्रॉटेस्टंट पंथ १८४५ मध्ये जन्माला आला तो गुलामांच्या मालकांना मिशनरी म्हणून पाठवण्याच्या वादातून. त्याबद्दल क्षमा मागणारा ठराव त्यांनी १९९५ मध्ये केला. म्हणजे सहाव्या अध्यायातली ओवी 'त्या काळचा रिवाज' झाली. पाचव्या अध्यायातली? १९९८ मध्ये, क्षमेनंतर तीनच वर्षांनी, बायकोनं नवऱ्याच्या अधीन राहावं हे कलम त्यांच्या विश्वासपत्रात, म्हणजे पंथाच्या अधिकृत श्रद्धा-निवेदनात, नव्यानं घातलं गेलं. आणि डग विल्सन? त्यांनी १९९६ मध्ये एका सहलेखकाबरोबर दक्षिणेतली गुलामगिरी वाटते तितकी वाईट नव्हती असं सांगणारी पुस्तिका काढली होती. मूळपदावर येतो आहोत, हे त्यांचं म्हणणं खरंच आहे. मूळ कुठलं, एवढाच प्रश्न.

पुरुषाच्या आदर्शाचीही हीच गत. १८३० च्या सुमारास चांगला ख्रिस्ती पुरुष म्हणजे दारू सोडलेला, राग आवरणारा, घरी प्रार्थना चालवणारा. शतक संपता संपता कचेऱ्यांत बसून पुरुष नाजूक झाले आणि देवळात बायकाच दिसतात अशी ओरड सुरू झाली. मग वायएमसीए या ख्रिस्ती तरुणांच्या संघटनेच्या व्यायामशाळा आल्या. बास्केटबॉल आणि व्हॉलीबॉल हे आपल्या शाळांच्या मैदानांवरचे खेळही त्याच चिंतेचं अपत्य. बिली संडे हा माजी बेसबॉलपटू व्यासपीठावर खुर्च्या उचलून, मुठी आवळून मर्दानी येशू सांगू लागला. १९९० मध्ये कोलोरॅडोतल्या एका फुटबॉल प्रशिक्षकानं 'प्रॉमिस कीपर्स' ही पुरुषांची चळवळ काढली, तर तिच्या मेळाव्यांत हजारो पुरुष एकमेकांच्या गळ्यात पडून रडत होते, बायकोची क्षमा मागण्याचा निश्चय करत होते. २०१६ मध्ये गोऱ्या इव्हँजेलिकल मतदारांपैकी सुमारे ८१ टक्क्यांनी डोनाल्ड ट्रम्प यांना मत दिलं. संयमी गृहस्थ, मुष्टियोद्धा, रडणारा बाप, दांडगा रक्षक: यातला बायबलमधला नेमका कुठला?

दुसऱ्या पक्षाचं आणखी एक म्हणणं गांभीर्यानं घ्यायला हवं. मस्तकपदाच्या शिकवणीवर उभी असलेली सगळी घरं छळछावण्या नसतात. समाजशास्त्रज्ञ ब्रॅडफर्ड विलकॉक्स यांनी २००४ मध्ये दाखवलं की नियमित देवळात जाणारे सनातनी प्रॉटेस्टंट नवरे बायको-मुलांना जास्त वेळ देतात आणि त्यांच्यात घरगुती मारहाणीचं प्रमाण कमी आढळतं. शिवाय या शिकवणीच्या खंद्या प्रचारकांत बायकाच पुढे होत्या. १९७९ मध्ये बेव्हर्ली लाहे यांनी स्त्रीवादाविरुद्ध स्त्रियांचीच देशव्यापी संघटना काढली. या बायकांना भोळ्या समजणं हा शहरी उद्धटपणा आहे. घरात राबणाऱ्या बाईला, तुझं काम देवाच्या दृष्टीनं मोलाचं आहे, असं सांगणारं दुसरं कोण होतं? पण विलकॉक्स यांच्याच अभ्यासाची दुसरी बाजू क्वचित सांगितली जाते. नावापुरते सनातनी, देवळाकडे न फिरकणारे नवरे मारहाणीत सगळ्यांत पुढे आढळले. शिकवण तर दोघांनी तीच ऐकलेली. फरक पडला तो आठवड्याला चार माणसांसमोर जाऊन बसण्यानं, त्यांना जाब देण्यानं. मस्तकपद उरलं आणि जाब गेला की काय होतं, ते त्या नावापुरत्या नवऱ्यांत दिसतं.

संस्थेतही तेच दिसलं. २०१९ मध्ये टेक्सासमधल्या दोन वृत्तपत्रांनी छापलं की वीस वर्षांत सदर्न बॅप्टिस्ट मंडळ्यांतल्या सुमारे ३८० पाळक, पदाधिकारी आणि स्वयंसेवकांवर लैंगिक अत्याचाराचे आरोप झाले आणि बळी सातशेहून अधिक होते. पीडितांना वर्षानुवर्षं एकच उत्तर मिळत होतं: आमच्याकडे प्रत्येक मंडळी स्वायत्त आहे, मध्यवर्ती समितीला हात घालता येत नाही, यादी ठेवता येत नाही. २०२२ च्या चौकशी अहवालात कळलं की समितीच्या कचेरीत आरोपींची यादी गुपचूप ठेवली जातच होती. आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये, बाईला शिकवणारी पाळक नेमल्याबद्दल, कॅलिफोर्नियाची सॅडलबॅक ही अवाढव्य मंडळी पंथातून काढून टाकताना स्वायत्तता आड आली नाही. असल्या प्रकरणांत बाहेरच्या माणसानं पटकन सात्त्विक संताप दाखवू नये, आपल्याकडची मठ-आश्रमांची उदाहरणं आठवावीत, हे मी स्वतःला बजावतो. तरी हात कुठे पोहोचतो आणि कुठे आखडतो, यावरून संस्थेला मनापासून कशाची भीती वाटते ते कळतंच.

माझ्या मांडणीवर एक आक्षेप घेता येईल: सगळं गरजेवर आणि पगारावर ढकललंस, श्रद्धेला काही वजन आहे की नाही? आहे. बोस्टनचे बॅप्टिस्ट पाळक ए. जे. गॉर्डन बायबलचा शब्दन् शब्द प्रमाण मानणारे होते, आणि १८९४ मध्ये त्यांनी त्याच शब्दांच्या आधारे बायकांच्या सेवेचं समर्थन केलं. त्यात त्यांचा काही लाभ नव्हता. असेम्ब्लीज ऑफ गॉड या पेन्टेकॉस्टल पंथानं १९१४ मध्ये बायकांना सुवार्तिक, म्हणजे धर्मप्रचारक, म्हणून मानलं पण मंडळीचा कारभार पाहणारं वडीलपद नाकारलं, आणि १९३५ मध्ये, संस्था वाढत असताना, पाळकपद खुलं केलं. माझ्या नियमाला हा सरळ अपवाद आहे. पण नाझरीन पंथाकडे पाहा. १९०८ पासून त्यांच्या घटनेतच बायकांना दीक्षा होती, ती कुणी काढूनही घेतली नाही. तरी पंथ स्थिरावला, मंडळ्यांना 'कुटुंबवत्सल' पाळक हवेसे झाले, आणि व्यासपीठावरच्या बायका विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत विरळ होत गेल्या. नियम न बदलताही दार बंद होतं.

सदर्न बॅप्टिस्टांत पहिली दीक्षा ॲडी डेव्हिस यांना १९६४ मध्ये मिळाली, नॉर्थ कॅरोलायनातल्या डरहॅमला. १९७९ पासून सनातनी गटानं कन्व्हेन्शनचा ताबा घेत नेला आणि १९८४ मध्ये ठराव झाला: पुरुष आधी निर्माण झाला आणि एदेन बागेत स्त्री आधी पडली, म्हणून पाळकपद तिचं नाही. २००० मध्ये ते विश्वासपत्रात उतरलं. मग जून २०२४ आणि जून २०२५ असं लागोपाठ दोनदा ते घटनेतही घालण्याचा प्रयत्न झाला. दोन्ही वेळा साठ टक्क्यांहून अधिक मतं पडली, पण लागणारं दोन-तृतीयांश गाठता आलं नाही.

याच कन्व्हेन्शननं १८७३ मध्ये लॉटी मून या अविवाहित शिक्षिकेला चीनमध्ये पाठवलं होतं. शानडोंगच्या खेड्यांत त्या बायकांना शिकवायला बसत आणि मागे पुरुष येऊन उभे राहत. त्यांना हाकलायला त्यांनी नकार दिला. मिशनच्या बैठकांत बायकांचं मत काढून घेतलं जाणार असं १८८५ मध्ये कानावर आलं, तेव्हा त्यांनी राजीनामा पुढे केला. २४ डिसेंबर १९१२ रोजी, मायदेशी परतताना, जपानच्या कोबे बंदरात जहाजावर त्या वारल्या. परदेशी मिशनसाठी सदर्न बॅप्टिस्टांचा दरवर्षीचा सर्वांत मोठा निधी नाताळात गोळा होतो, आणि त्याला नाव लॉटी मून यांचंच आहे. डिसेंबर लागला की बाकांवरून पाकिटं फिरतात आणि व्यासपीठावरून पाळक त्यांची गोष्ट सांगतो.